बाहीचं बटण लागेपर्यंत

आज सकाळी साडेदहा वाजता दातांच्या डॉक्टरांनी माझा खालचा ओठ बोटाने ओढून धरला, आत उजेड टाकला, बराच वेळ पाहिलं आणि म्हणाले, "डाग गेलाय." मी त्यांना पुन्हा बघायला लावलं. त्यांनी पुन्हा पाहिलं. खरंच गेला होता. रिक्षाने घरी येताना मी इतकी हरखले होते की आपलं वळण कधी मागे पडलं ते कळलंच नाही, आणि पाण्याच्या टाकीपासून चालत परत यावं लागलं. जळगावच्या अकराच्या उन्हात, या वयात. तरी मला ते चालणं आवडलं.

तुम्ही दोघं मराठी हळू वाचता. म्हणून मी वाक्यं लहान ठेवीन आणि मुख्य गोष्ट आधीच सांगून टाकीन. तुमच्या आजीने बेचाळीस वर्षं रोज सकाळी मिश्री लावली. मिश्री म्हणजे तव्यावर काळी होईपर्यंत भाजून बारीक केलेली तंबाखू. बायका ती बोटाने दातांना, हिरड्यांना चोळतात आणि थोडी ओठाच्या आत राहू देतात. तुमचा बाबा जन्मला तेव्हा माझी दाढ ठणकत होती. सासूबाईंनी तळहातावर चिमूटभर ठेवली आणि म्हणाल्या, लाव, बरं वाटेल. दाढ आठवड्यात बरी झाली. मिश्री राहिली.

मी कॉलेजात इंग्रजी शिकवलं. माझ्या स्वयंपाकघरात प्रत्येक डब्यावर चिठ्ठी असते, खायच्या सोड्यावरसुद्धा, हे तुम्ही पाहिलंच आहे. एकाच डबीवर कधी चिठ्ठी नव्हती. तुमच्या आजोबांना ती ठाऊक होती. ते गेले, आणि मग घरात ठाऊक असणारं कुणीच उरलं नाही.

पांढरा डाग त्या डबीतून आला होता. असे डाग पुष्कळदा काही करत नाहीत, आणि कधीकधी त्यातून कॅन्सर होतो. कुठला डाग कोणत्या जातीचा, ते वरून बघून सांगता येत नाही. माझा गेला. तो जिच्यामुळे गेला तिला तुम्ही कधी भेटला नाहीत, आणि तिच्याबद्दल कुणाला तरी आजच सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

आम्ही सगळे तिला अक्का म्हणायचो. निवृत्तीनंतर मी मंगळवारी आणि शुक्रवारी एका ट्रस्टच्या दवाखान्यात जायचे, रजिस्टर लिहायला आणि रोग्यांना चार समजुतीच्या गोष्टी सांगायला. अक्का तिथे नर्स होती. माहेर शिंदखेड्याचं, बौद्ध कुटुंब. वडिलांनी चारही मुलींना शिकवलं होतं, आणि ही गोष्ट ती दर आठवड्याला एकदा तरी ऐकवायची. सरकारी नोकरीची तीस वर्षं तिने साक्रीच्या डोंगरातल्या गावांमध्ये काढली होती. उंची बेताची, अंग वाळलेलं, पायात पुरुषी कॅनव्हासचे बूट, अंबाड्यात खोचलेला बॉलपेन. तो पेन ती दिवसातून दहा वेळा टेबलावर शोधायची. कुणी सांगितलं की डोक्यात आहे, तर म्हणायची, "तिथेच पाहिजे."

तिचा एक नियम होता. रक्तदाब मोजताना ती रोग्याला बोलू द्यायची नाही आणि स्वतःही बोलायची नाही. मोजून झाला की पट्टा सोडायची. आपल्याकडचे पुरुष पूर्ण बाहीचा शर्ट घालतात, त्यामुळे वर गुंडाळलेली बाही खाली आणायची, मनगटापाशी सारखी करायची, बटण लावायचं, एवढं काम रोग्याला असायचं. त्या वेळात अक्का जे काय बोलायचं ते बोलायची. बटण काजात गेलं की तिचं वाक्य अर्धं असलं तरी तिथेच सोडायची आणि दाराकडे बघून म्हणायची, "पुढचा."

बायकांना बाही नसते. मग वर सरकवलेल्या बांगड्या एकेक करून खाली यायच्या, तेवढा वेळ. दोनच बांगड्या घालणाऱ्या बाईला अक्का कमी वेळ द्यायची, असा माझा संशय होता.

मला सुरुवातीला ती कामचुकार वाटली. मी एका रोग्याला पंचवीस मिनिटं द्यायचे. तंबाखूतली विषं, फुप्फुसं, साखर, मीठ, सगळं क्रमाने सांगायचे. रोगी मान डोलवायचा. मध्येच घड्याळ बघायचा, तेव्हा मी आवाज जरा चढवायचे. अक्का शेजारच्या टेबलावर तेवढ्या वेळात सहा जण उरकायची, आणि पुढच्या मंगळवारी त्या सहांतले तिघे चौघे तिला शोधत यायचे. माझे यायचे नाहीत.

एक रिक्षावाला मला चांगला आठवतो. तिशीचा, दिवसाला गुटख्याच्या बारा पुड्या. अक्काने पट्टा सोडला आणि विचारलं, "भाऊ, एक विचारू का?" हे ती प्रत्येकाला विचारायची. तो म्हणाला, विचारा. तिने दोन्ही हात त्याच्यासमोर उघडे धरले. "गुटखा सोडायची इच्छा या दहा बोटांतली किती?"

तो हसला. "चार."

आता ही विचारणार, दहा का नाहीत. मी तेच विचारलं असतं. त्यानेही उत्तर तयार ठेवलं असणार, कारण ओठ आधीच उघडले होते. अक्का म्हणाली, "चार? तीन का नाही?"

तो बाही हातात धरून थांबला. "तीन कशी म्हणू, अक्का," असं म्हणून मग हळूहळू सांगायला लागला. तोंड पूर्वीसारखं उघडत नाही. भाकरीचा तुकडा लहान मोडावा लागतो. परवा मेव्हण्याच्या घरी शेवभाजी होती, तिखट सोसेना, सगळ्यांसमोर दही मागावं लागलं. खानदेशात जन्मलेल्या माणसाने शेवभाजीवर दही मागायचं! मेव्हणा अजून त्याला दहीभाऊ म्हणून हाक मारतो. हे तो आम्हाला समजावून सांगत होता, आम्ही त्याला नाही. बटण लागलं. अक्का म्हणाली, "पुढचा." तो उठला, दारापर्यंत गेला आणि वळून म्हणाला, "अजून सांगायचं होतं." अक्का म्हणाली, शुक्रवारी सांग.

शुक्रवारी तो खरंच आला. दुपारी बारापर्यंत एकही पुडी नाही, असं त्यानेच ठरवलं होतं. ते चालेल की नाही, हेही तिने सांगितलं नाही. विचारलं, "बाराला काय करशील?" तो म्हणाला, बाराला स्टेशनवर नंबर लागतो, तिथे टपरी आहे, मग नंबर दुसऱ्या स्टँडवर लावीन. माझ्या सहा वर्षांच्या समुपदेशनात मला एकाही रोग्याचा रिक्षा स्टँड माहीत नव्हता.

परवानगीचं तिचं वेड सगळ्यात मोठं. आपल्याकडे सल्ला द्यायला कुणी परवानगी मागत नाही, हे तुम्ही सुट्टीत आलात की अनुभवताच. शेजारच्या काकू तुमच्या आईला केसांपासून नोकरीपर्यंत सगळं सांगतात. अक्का विचारायची, आणि समोरचा नको म्हणाला तर खरोखर गप्प बसायची. तिच्या भाच्याच्या साखरपुड्यात तिचे थोरले मेव्हणे जिना चढताना धापा टाकत होते. ती म्हणाली, "भाऊजी, एक विचारू का?" ते म्हणाले, आज नको. "बरं," म्हणून ही जिलेबीच्या पंगतीला जाऊन बसली. बहीण तिच्यावर चिडली, नर्स असून काही बोलत नाहीस म्हणून. अक्का म्हणाली, "त्यांनी 'आज' नको म्हटलंय." दोन महिन्यांनी मेव्हण्यांचाच फोन आला, काय विचारणार होतीस म्हणून.

फोन ती मध्येच ठेवून द्यायची. निरोप घेणं, पुन्हा बोलू म्हणणं, काही नाही. माझं एखादं वाक्य तसंच लटकत राहायचं.

स्वतः ती चहात तीन चमचे साखर घालायची, आणि तिची स्वतःची साखर काठावर होती. हे ती लपवायची नाही. उलट रोग्यांना सांगायची, आता तुम्ही मला विचारा. मग दाळ मिलमधला एखादा हमाल मोठ्या गंभीरपणे आपली दहा बोटं तिच्यासमोर धरायचा आणि ती म्हणायची, "तीन. दोन वर्षं झाली, तीनच." हमालाला त्याचा फार आनंद व्हायचा.

धुळ्याला एका प्रशिक्षणाला आम्ही दोघी गेलो होतो. मोठ्या शहरातून आलेल्या तरुण बाईंनी पडद्यावर दाखवलं: आधी विचारा, परवानगी घ्या, माणसाकडूनच कारणं काढा, एकच लहान पाऊल ठरू द्या आणि थांबा. त्याला इंग्रजीत नाव होतं. मी ते लिहून घेतलं, खाली दुहेरी रेघ मारली. अक्का शेवटच्या रांगेत बसून शेंगदाणे सोलत होती. बाहेर आल्यावर मी विचारलं, तुम्ही हे आधी कुठे शिकलात? ती म्हणाली, पाड्यावर. नोकरीच्या पहिल्या वर्षी ती घरोघर जाऊन तासतासभर सांगायची. बायका ऐकायच्या, आणि पुढच्या खेपेला तिचे बूट लांबून दिसले की लेकरांना काखेत मारून रानात निघून जायच्या. मग एका म्हातारीने तिला बाजूला घेऊन सांगितलं, बाई, कोरा चहा उकळेपर्यंत बोलत जा, तेवढं आम्हाला पेलतं.

आता यादीची गोष्ट. ती माझी फजिती आहे, पण तिच्याशिवाय पुढचं कळणार नाही.

मी रोग्यांसाठी तेवीस सूचनांची यादी केली होती. फिकट पिवळ्या कागदावर, मोठ्या टायपात, प्रत्येक सूचनेला क्रमांक. दवाखान्याची जीप दर तीन महिन्यांनी साक्रीकडच्या एका गावात शिबिराला जायची. अक्काच ती ओढून न्यायची. पहिल्या शिबिरात मी शंभर प्रती वाटल्या. दुसऱ्या शिबिराला एका आबांनी आम्हाला घरी चहाला बोलावलं. दोन खोल्यांचं घर, कोपऱ्यात देव्हारा. देव्हाऱ्याशेजारी भिंतीवर माझी यादी. तिला प्लॅस्टिक चढवलेलं, वरून झेंडूचा हार, कोपऱ्यात कुंकवाचं बोट.

आबांच्या गालात तंबाखूची गोळी होती. ते सांभाळत म्हणाले, "रोज उदबत्ती लावस मी, मॅडम. कागद भारी शे."

अक्काने पदर तोंडाला लावला. जीपपर्यंत ती कशीबशी आली आणि मग इतकी हसली की ड्रायव्हरने गाडी सुरूच केली नाही. मला राग आला होता. मी म्हटलं, यात हसण्यासारखं काय आहे, निदान जपून तरी ठेवलाय.

ती डोळे पुसत म्हणाली, "मॅडम, एक सांगितलं तर माणूस करतो किंवा करत नाही. तेवीस सांगितल्या तर पायाच पडणार ना."

जीप घाटाला लागली. तिने माझ्या पिशवीतून एक यादी काढली आणि पहिल्यांदाच नीट वाचली. चौथ्या क्रमांकावर तिचं बोट थांबलं. तिथे लिहिलं होतं: तंबाखू, गुटखा, विडी, सिगारेट पूर्ण बंद. बोट त्या ओळीवरून एकदा पुढे गेलं, मागे आलं आणि ओळीच्या शेवटी, जिथे कोरी जागा होती, तिथे टेकलं.

"मॅडम, एक विचारू का?"

मी म्हटलं, "नको."

तिने कागद घडी करून पिशवीत ठेवला आणि खिडकीतून बाहेर बघायला लागली. साक्रीपासून जळगावपर्यंत ती त्याबद्दल एक शब्द बोलली नाही. कांदा महाग झाला, एवढंच बोलली.

त्या कोऱ्या जागेत कोणता शब्द नव्हता, ते मला त्याच क्षणी कळलं होतं. तोवर खरंच सुचला नव्हता. यादी मी तीन वेळा तपासली होती, शुद्धलेखनासकट. पण आमच्या घरात तंबाखू पुरुष खात. बायका दात घासत. हे असं वाटणं किती खोल गेलेलं असतं, ते तुम्हाला सांगून पटणार नाही.

त्यानंतर नऊ महिने गेले. अक्काने पुन्हा विचारलं नाही. ती माझ्याशी नेहमीसारखी वागायची, माझ्या डब्यातलं भरीत खायची, पेन शोधायची. मी मात्र दर मंगळवारी तिच्याकडे बघायचे. एकदा दाळ मिलमध्ये काम करणारी एक बाई आली. बांगड्या खाली येऊ लागल्या आणि अक्काने विचारलं, "मिश्री दिनमा कितला येळा लावस, माय?" ती म्हणाली, सकाळी, दुपारी भाकरीनंतर आणि झोपताना. अक्काने माझ्याकडे न बघता सांगितलं, मॅडम, तीन लिहा. मी रजिस्टरात तीन लिहिलं. अक्षर चांगलं आलं.

मला वाटायचं, आता विचारील. चहाच्या वेळी विचारील. मी एकटी असताना मुद्दाम तिच्या टेबलाजवळ घुटमळायचे. ती म्हणायची, "मॅडम, काही हवं का?" मी म्हणायचे, स्टेपलर.

मग गेल्या वर्षी एका सकाळी लोणच्याची फोड ओठाला झोंबली. आरशात पाहिलं तर आत नखाएवढा पांढरा डाग. पुसला, पुसला जाईना. मी याच डॉक्टरांकडे गेले. त्यांनी विचारलं, तंबाखू वगैरे काही? मी म्हटलं, छे. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, माझ्या पांढऱ्या केसांकडे आणि चष्म्याकडे पाहिलं, आणि विश्वास ठेवला. दोन आठवड्यांनी या म्हणाले, गेला नाही तर तुकडा काढून तपासायला पाठवू.

तिथून मी थेट दवाखान्यात गेले. वार सोमवार होता, माझा नव्हता. दुपारचे दोन वाजत आले होते, शेवटचा रोगी नुकताच गेला होता. मी अक्कासमोरच्या रोग्याच्या खुर्चीत बसले.

"अक्का, विचारा."

"काय?"

"जीपमध्ये विचारणार होतात ते."

तिने हातातला कापूस खाली ठेवला. मी म्हटलं, "नऊ महिने झाले. पुन्हा एकदा तरी विचारायचं होतं."

"तुम्ही नको म्हणालात."

"तुम्हाला कधीपासून माहीत होतं?"

"पहिल्या आठवड्यापासून. सकाळी तुम्ही हात तोंडासमोर धरून बोलता, दुपारी नाही." मग तिने पट्टा उचलला. "घड्याळ काढा."

माझा ब्लाउज लांब बाहीचा नव्हता, बांगड्या मी घालत नाही. डाव्या हाताला घड्याळ तेवढं असतं, चामड्याच्या पट्ट्याचं, आजोबांनी दिलेलं. मी ते काढून टेबलावर ठेवलं. तिने रक्तदाब मोजला, दोघी गप्प. मग तिने घड्याळ माझ्या हातात दिलं आणि आपली दहा बोटं उघडली.

"मिश्री सोडायची इच्छा. किती?"

खोटं बोलायचं नाही, असं ठरवून मी म्हटलं, "दोन."

"एक का नाही?"

मी घड्याळाचा पट्टा बकलात घालत होते. मला मुद्देसूद उत्तर द्यायचं होतं. पहिला डाग, दुसरा वय, तिसरा डॉक्टर. तोंड उघडलं आणि निघालं भलतंच. तुम्ही दोघं मागच्या वेळी आला होतात, ते. धाकटे, तू तेव्हा पाच वर्षांची होतीस. तुम्ही उठायच्या आत मिश्री उरकावी म्हणून मी साडेचारला गच्चीवर जायचे, टाकीच्या मागे बसायचे. एका सकाळी उजाडताना तू अनवाणी वर आलीस. तुला झोप येत नव्हती, तुमच्याकडे तेव्हा संध्याकाळ असते. तू माझ्या तोंडाकडे बघितलंस आणि दोन पावलं मागे सरलीस. म्हणालीस, "आजी, तुझे दात कुणी जाळले?"

मी म्हटलं, कोळशाची पावडर आहे, दात पांढरे होतात. तू विश्वास ठेवलास. पण त्या दिवशी दुपारपर्यंत माझ्या मांडीवर आली नाहीस.

हे मी अक्काला सांगत होते आणि बकलाचा दांडा भोकात जाईना. शेवटी गेला. अक्का उठली आणि फाईल कपाटात ठेवायला लागली.

मी म्हटलं, "एवढंच?"

"शुक्रवारी या."

माझा संताप झाला. मी आयुष्यभर लोकांना याद्या दिल्या होत्या, आणि मला एक ओळ मिळाली नव्हती. दारापर्यंत जाऊन मी वळले, त्या रिक्षावाल्यासारखीच, आणि म्हटलं, "मी उद्यापासून आंघोळीच्या आधी डबी उघडणार नाही." अक्का कपाटात डोकं घालून म्हणाली, "बरं." रिक्षात बसल्यावर लक्षात आलं की हे मला कुणी सांगितलं नव्हतं, मीच बोलून बसले होते. बेचाळीस वर्षांत पहिल्यांदा त्या डबीबद्दल मी काहीतरी ठरवलं होतं! मला सभेत बक्षीस घेतल्यासारखं वाटत होतं.

पुढचं सरळ झालं असं समजू नका. आधी डॉक्टरांना खरं सांगितलं. ते फारसे चकित झाले नाहीत. त्यांनी तुकडा तपासायला पाठवला. अहवाल आला: तूर्त वाईट काही नाही, पण सवय राहिली तर पुढचं सांगता येत नाही. आंघोळीच्या आधीची मिश्री आंघोळीनंतर गेली, मग चहानंतर, मग दुपारी. माझं पोट रुसून बसलं. मिश्री लावणाऱ्या बायकांना हीच मोठी भीती असते. अक्काने विचारलं, सकाळी काय खाता? मी भिजवलेले मनुके आणि गरम पाणी सुरू केलं, आणि बाराव्या दिवशी पोट ताळ्यावर आलं. हे तुमच्या बाबाला वाचून दाखवू नका.

महिनाभर एक चिमूट लावली नाही. मग धुळ्याला एका लग्नात गेले. सकाळी मांडवामागे साऱ्या जणी उन्हाला पाय पसरून बसल्या होत्या, मध्ये एकच डबी, प्रत्येकीचं बोट काळं, आणि भरल्या तोंडाने चाललेल्या गप्पा. त्या गप्पा दुसऱ्या कुठे होत नाहीत. मी बसले. डबी माझ्यापुढे आली. मी लावली.

मंगळवारी अक्काला सांगताना मला रडू आलं. मी म्हटलं, परत पहिल्यापासून. ती म्हणाली, "तिसऱ्या पायरीवरून घसरलं तर माणूस दुसरीवर येतो, मॅडम. अंगणात नाही." घड्याळाचा पट्टा अजून लागायचा होता, म्हणून तिने विचारलं, "पुढच्या लग्नात कुठे बसाल?" मी म्हटलं, आचाऱ्याजवळ. तेव्हापासून चार लग्नं झाली. आचारी मला ओळखतात आणि पहिली पुरी मला चाखायला देतात.

उन्हाळ्यात अक्काचे गुडघे पार गेले. कॅनव्हासचे बूटसुद्धा तिला पेलवेनात. ती साक्रीला धाकट्या बहिणीकडे राहायला गेली. निरोप समारंभ ठेवला होता. अध्यक्षांचं भाषण चालू असताना ती उठून रिक्षात बसली.

तिची खुर्ची मला मिळाली. यादी मी फाडली. मला तिच्यासारखं जमत नाही. माझ्याकडे अजून कधीकधी बटण लागतं आणि मी बोलतच राहते. पण परवा एका बाईने तिसऱ्या बांगडीपाशी स्वतःहून मिश्रीचा विषय काढला, आणि मी म्हटलं, मीही लावायचे. तिच्या बांगड्या तिथेच थांबल्या. बाहेर रांग होती, तरी मी त्यांना थांबू दिलं.

आज डॉक्टरांकडून घरी आल्या आल्या मी अक्काला फोन लावला.

"अक्का, डाग गेला."

पलीकडे भांड्यांचा आवाज होता. तो थांबला. मग ती म्हणाली, "किती?"

"दहा. दोनशे बारा दिवस झाले."

"दहा नका म्हणू. दहा म्हणणारा घसरला की लाजेने तोंड दाखवत नाही."

मी विचार केला. शेजारच्या गल्लीत कुणी तव्यावर तंबाखू भाजली की माझी पावलं अजून मंद होतात. "नऊ," मी म्हटलं.

"आठ का नाही?"

मी उत्तर द्यायला सुरुवात केली. चांगलं लांब उत्तर होतं. दोन वाक्यांनी कळलं की फोन केव्हाच बंद झालाय. मग मी कागद घेतला आणि ते उत्तर तुम्हाला लिहायला बसले.

धाकटे, ती कोळशाची पावडर नव्हती. माझे दात कुणी जाळले नव्हते, मीच रोज काळे करत होते, आणि तू विचारलंस तेव्हा मी तुझ्याशी खोटं बोलले. आता ते खरे कसे दिसतात ते रविवारी फोनवर दाखवीन. पिवळे आहेत, पण माझे आहेत. तुला आणखी काही विचारायचं असेल तर विचार. "नको" म्हणणार नाही. मी घड्याळाचा पट्टा सोडून ठेवते.